एक ब्रास वाळू, एकशे तीन दिवस: जप्त ट्रॅक्टर न्यायालयातून सुटल्याचं एक प्रकरण

पार्श्वभूमी

गोदावरीकाठच्या एका तालुक्यातलं हे प्रकरण आहे. मी त्यात ट्रॅक्टरमालकाचा वकील होतो. माणसांची, गावांची आणि कार्यालयांची ओळख पटेल असे तपशील काढले आहेत. क्रम आणि कायद्याचे मुद्दे जसेच्या तसे ठेवले आहेत.

मालकाची जमीन पाच एकर. त्यावर घर भागत नाही म्हणून चार वर्षांपूर्वी त्याने कर्जावर ट्रॅक्टर घेतला. सहामाही हप्ता, आरसी बुकावर फायनान्स कंपनीचा बोजा. नांगरट, रोटा, पेरणी ही भाड्याची कामं हीच हप्त्याची सोय. ट्रॉली मात्र गावाजवळच्या वर्कशॉपमध्ये बनवून घेतलेली, तिला नोंदणी क्रमांक नव्हता. आपल्याकडे अशा ट्रॉल्या सर्रास दिसतात. ही बाब पुढे किती अडवणार आहे, याची तेव्हा कुणालाच कल्पना नव्हती.

गावात एका कुटुंबाचं घरकुल मंजूर झालं होतं. घरकुल लाभार्थ्यांना पाच ब्रासपर्यंत (एक ब्रास म्हणजे शंभर घनफूट) वाळू मोफत देण्याचं राज्याचं धोरण आहे. या कुटुंबाच्या हातात तहसीलचं मंजुरीपत्र होतं, पण प्रत्यक्ष वाहतुकीचा पास निघालेला नव्हता. पाया खोदून पडलेला, गवंडी दुसऱ्या कामावर जायच्या बेतात. त्यांनी ड्रायव्हरला गळ घातली. ड्रायव्हरने मालकाला विचारलं की नाही, यावर दोघांची उत्तरं जुळत नाहीत आणि तो वाद खटल्यात आजही आहे.

त्या पहाटे

जानेवारीतली पहाट, साडेचारची वेळ. नदीपात्राकडून गावाकडे येणाऱ्या रस्त्यावर मंडळ अधिकारी, दोन तलाठी आणि एक पोलीस शिपाई असं पथक थांबलेलं होतं. ट्रॅक्टर अडवला. ट्रॉलीत ओली वाळू होती. पास मागितला, तो नव्हता. ड्रायव्हरने मंजुरीपत्राचा मोबाइलमधला फोटो दाखवला. पथकाने तो मान्य केला नाही, आणि ते बरोबरच होतं. प्रत्येक फेरीला स्वतंत्र वाहतूक पास लागतो आणि सायंकाळी सहा ते सकाळी सहा वाळू वाहतुकीला तेव्हा बंदी होती. मंजुरीपत्राने या दोन्हीतली एकही गोष्ट भरून निघत नव्हती.

इथे एक गोष्ट आधीच सांगतो. माझ्या पक्षकाराच्या ट्रॅक्टरने त्या पहाटे चुकीचं काम केलं होतं. घरकुलासाठी असलं तरी चूकच. पात्रातली वाळू ही नुसती बांधकामाची वस्तू नव्हे. तीच पाणी धरून ठेवते, काठावरच्या विहिरींना पाझर देते. आमच्या भागात ज्या गावांनी पात्र खरवडून दिलं, तिथे मार्च लागला की विहिरींचे तळ दिसतात. शिवाय रात्री-अपरात्री अशा पथकात उभं राहणाऱ्या तलाठ्याच्या अंगावर ट्रॅक्टर घालण्याचे प्रकार राज्यात घडलेले आहेत. त्यामुळे पथकाबद्दल माझी तक्रार नाही. माझा मुद्दा पुढच्या शंभर दिवसांबद्दल आहे.

जागेवरच पंचनामा झाला. वाळू एक ब्रास, किंमत ६,००० रुपये असं लिहिलं गेलं. टेप लावून ट्रॉली मोजल्याचा उल्लेख पंचनाम्यात नाही. हा तपशील किरकोळ वाटेल, पण तो तसा नाही. भारतीय न्याय संहितेत चोरीच्या मालाची किंमत ५,००० रुपयांपेक्षा कमी असेल, तर तो गुन्हा अदखलपात्र आणि जामीनपात्र ठरतो. ट्रॉली काठोकाठ होती की पाऊण, यावर गुन्ह्याचं स्वरूपच बदलू शकलं असतं. ड्रायव्हरने पंचनाम्यावर न वाचता सही केली.

सकाळी तलाठ्याच्या फिर्यादीवरून पोलीस ठाण्यात गुन्हा नोंदवला गेला. भारतीय न्याय संहितेचं कलम ३०३(२), म्हणजे चोरी, आणि जोडीला महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ चं कलम ४८(७) व (८). ड्रायव्हरला अटक झाली, दुसऱ्या दिवशी न्यायालयात हजर केलं आणि त्याच दिवशी जामीन मिळाला. ट्रॅक्टर आणि ट्रॉली पोलीस ठाण्याच्या आवारात, कुंपणाला लागून उभी राहिली.

अडचण नेमकी कुठे होती

वाळूच्या गाडीला एकाच वेळी दोन हात धरतात, आणि बहुतेक मालकांना त्यातला एकच दिसतो.

पहिला हात महसूल खात्याचा. कलम ४८(७) खाली अवैध काढलेल्या गौण खनिजाच्या, म्हणजे इथे वाळूच्या, बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड करता येतो. कलम ४८(८) खाली वाहन जप्त करता येतं. हा अधिकार जिल्हाधिकाऱ्यांना किंवा त्यांनी प्राधिकृत केलेल्या, तहसीलदाराहून खालच्या दर्जाच्या नसलेल्या महसूल अधिकाऱ्याला आहे. असं वाहन जप्तीपासून ४८ तासांत जिल्हाधिकारी किंवा प्राधिकृत उपजिल्हाधिकाऱ्यापुढे हजर करायचं असतं. तो अधिकारी ठरलेला दंड भरून घेऊन आणि वाहनाच्या बाजारमूल्यापर्यंतचं जातमुचलक्याचं बंधपत्र घेऊन ते सोडू शकतो. जानेवारी २०१८ च्या नियमदुरुस्तीनुसार हा दंड ट्रॅक्टर-ट्रॉलीला १ लाख, तर पूर्ण बॉडीच्या ट्रक किंवा डंपरला २ लाख रुपये आहे.

दुसरा हात पोलिसांचा. चोरीचा गुन्हा नोंदवला की तीच गाडी त्या गुन्ह्यातला मुद्देमाल होते. मग तिचा ताबा कुणाला द्यायचा, हे न्यायदंडाधिकारी ठरवतात. पूर्वी फौजदारी प्रक्रिया संहितेची कलमं ४५१ आणि ४५७ होती, १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेची कलमं ४९७ आणि ५०३ आहेत.

एकाच कृत्यासाठी दोन्ही बाजूंनी कारवाई होऊ शकते का, हा वाद आता उरलेला नाही. सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये दिल्ली राज्य विरुद्ध संजय या निकालात सांगितलं की पात्रातून वाळू चोरणं हा चोरीचा स्वतंत्र गुन्हा आहे आणि खाण कायद्यातली कारवाई त्याच्या आड येत नाही. म्हणजे दंड भरला म्हणून गुन्हा मिटत नाही आणि न्यायालयाने गाडी सोडली म्हणून दंड माफ होत नाही. मालकाला मी हे पहिल्या भेटीत सांगितलं, तेव्हा तो म्हणाला, “वकीलसाहेब, मग माझा ट्रॅक्टर नेमका हाय कुनाकडं?” सगळं प्रकरण याच प्रश्नावर फिरलं. मी स्वतः त्याचं उत्तर शोधायला उशीर केला.

वाया गेलेले चोवीस दिवस

मालक माझ्याकडे आला तोवर जप्तीला तेवीस दिवस होऊन गेले होते. आधी तो एका मध्यस्थाकडे गेला होता. “कोर्टात कशाला जाता, वरून सोडवून देतो,” असं सांगून त्याने ४०,००० रुपये घेतले. पावती नाही, कागद नाही. तहसील कार्यालयातून या काळात एक नोटीस आली होती: वाळूच्या पाचपट ३०,००० रुपये, स्वामित्वधन (रॉयल्टी) ६०० रुपये आणि ट्रॅक्टरचे १,००,००० रुपये मिळून १,३०,६०० रुपये दंड का आकारू नये, सात दिवसांत खुलासा करा. मध्यस्थाने ती नोटीस स्वतःकडेच ठेवली. खुलासा गेलाच नाही आणि दंडाचा आदेश एकतर्फी झाला.

नोटिशीला उत्तर न देणं ही या प्रकरणातली सर्वांत महाग चूक. तिथे दोन पानी खुलासा गेला असता, वाळू न मोजल्याचा मुद्दा आणि घरकुलाचं मंजुरीपत्र जोडलं असतं, तरी पुढचं अर्धं काम झालं असतं. मध्यस्थाचे पैसे परत मिळाले नाहीत. त्याबद्दल तक्रार करायला मालक तयार झाला नाही आणि मी त्याला फार रेटलं नाही.

समोर असलेले मार्ग

त्या संध्याकाळी आम्ही चार वाटा मांडल्या.

पहिली वाट म्हणजे दंड भरून उपविभागीय अधिकाऱ्यांकडे, म्हणजे या कामासाठीच्या उपजिल्हाधिकारी दर्जाच्या अधिकाऱ्यांकडे, बंधपत्र द्यायचं. कागदावर सर्वांत सरळ. पण १,३०,६०० रुपये उभे करायचे म्हणजे मालकाला पत्नीचं डोरलं गहाण ठेवावं लागणार होतं. आणि पैसे भरले, तरी पोलिसांकडच्या मुद्देमालासाठी न्यायालयाचा आदेश लागणारच होता. अनेक जण इथे फसतात. दंडाची पावती घेऊन पोलीस ठाण्यात जातात आणि तिथून “कोर्टाचा आदेश आणा” असं ऐकून परत येतात.

दुसरी वाट न्यायदंडाधिकाऱ्यांकडे अर्ज. खर्च कमी, न्यायालय तालुक्यातच. धोका एवढाच की सरकार पक्ष म्हणणार, वाहन महसूलने धरलंय, तुम्हाला अधिकार नाही.

तिसरी वाट छत्रपती संभाजीनगरच्या खंडपीठात रिट याचिका. जप्ती करणारा अधिकारी योग्य दर्जाचा नसेल किंवा ४८ तासांची अट पाळली नसेल, तर तिथे मुद्दा भक्कम असतो. पण खालचा उपाय असताना वर का आलात, हा पहिला प्रश्न तिथे विचारला जातो. आणि पाच एकरवाल्याला तो खर्च झेपण्यासारखा नव्हता.

चौथी वाट दोषारोपपत्र येईपर्यंत थांबण्याची. ती मी मांडली तेव्हाच मालकाच्या पत्नीने विचारलं, “साहेब, हप्ता थांबतो का तोवर?” विषय तिथेच संपला.

आम्ही दुसरी वाट धरली, आणि सोबत दंडाच्या आदेशाविरुद्ध अपील. निवड बरोबर होती. माझी तयारी कच्ची होती.

पहिला अर्ज का फेटाळला गेला

चोविसाव्या दिवशी मी कलम ५०३ खाली अर्ज दाखल केला. पहिल्याच परिच्छेदात लिहिलं होतं, “महसूल पथकाने जप्त केलेला अर्जदाराचा ट्रॅक्टर...” मालकाने जसं सांगितलं, तसं मी लिहिलं. जप्तीचे कागद पाहिलेच नव्हते.

पोलिसांनी आपल्या म्हणण्यात एक ओळ लिहून दिली: वाहन महसूल विभागाने जप्त केलं असून ठाण्याच्या आवारात फक्त सुरक्षिततेसाठी उभं आहे. सरकारी वकिलांनी ती आणि माझा पहिला परिच्छेद शेजारी ठेवून दाखवला. एक्केचाळिसाव्या दिवशी अर्ज फेटाळला गेला, अर्जदाराने सक्षम महसूल अधिकाऱ्याकडे जावं, असं म्हणून. माझ्यापुढे तेवढेच कागद असते, तर मीही तोच आदेश दिला असता.

मग आम्ही उपविभागीय कार्यालयात गेलो. तिथे उत्तर मिळालं की असं कुठलंही वाहन आमच्यापुढे हजर झाल्याची नोंद नाही, तुम्ही आधी दंड भरा, मग पाहू. म्हणजे पोलीस म्हणतात महसूलकडे, महसूल म्हणतं आमच्याकडे नोंद नाही. ट्रॅक्टर मात्र कुंपणाला लागून उभाच होता. त्याच्या पुढच्या एका टायरमधली हवा एव्हाना गेली होती.

तेव्हा मी जे पहिल्या दिवशी करायला हवं होतं ते केलं. गुन्ह्याच्या सगळ्या कागदांच्या प्रमाणित नकलांसाठी अर्ज टाकला. अठ्ठावन्नाव्या दिवशी नकला हातात आल्या आणि चित्र स्वच्छ झालं. जागेवरच्या पंचनाम्यावर जप्ती करणारा म्हणून सही होती मंडळ अधिकाऱ्याची. तहसीलदार त्या पहाटे तिथे नव्हते. आणि ड्रायव्हरला दुसऱ्या दिवशी हजर करताना तपास अधिकाऱ्याने न्यायालयाला जो अहवाल दिला होता, त्यात ट्रॅक्टर आणि ट्रॉली “गुन्ह्यात जप्त मुद्देमाल” म्हणून दाखवली होती, मुद्देमाल नोंदवहीच्या क्रमांकासह. हा कागद पहिल्या दिवसापासून त्याच न्यायालयाच्या फाइलमध्ये होता. ड्रायव्हरच्या जामिनाचं काम दुसऱ्या वकिलांनी केलं होतं, मी त्यांना फोन केला असता तरी पुरलं असतं.

दुसरा अर्ज

एकसष्टाव्या दिवशीचा अर्ज पहिल्यापेक्षा लांब नव्हता, पण तो कागदावर उभा होता. मुद्दे तीन.

एक, वाहन पोलिसांनी गुन्ह्यातला मुद्देमाल म्हणून धरल्याचं त्यांच्याच अहवालात आहे, म्हणून ताब्याचा निर्णय याच न्यायालयाचा. दोन, कलम ४८(८) खालची जप्ती तहसीलदाराहून खालच्या अधिकाऱ्याला करता येत नाही आणि वाहन ४८ तासांत उपजिल्हाधिकाऱ्यापुढे गेल्याची नोंद नाही, म्हणून महसूलची जप्ती चालू आहे असं म्हणता येत नाही. उपविभागीय कार्यालयाचं उत्तर इथे आमच्या कामी आलं, कारण ते आम्ही लेखी मागून घेतलं होतं. तीन, सुंदरभाई अंबालाल देसाई विरुद्ध गुजरात राज्य.

१ ऑक्टोबर २००२ चा हा निकाल वाहनसुटकेच्या जवळजवळ प्रत्येक अर्जात असतो, पण तो कशातून आला हे फार थोडे जण सांगतात. त्या प्रकरणात आरोप पोलीस कर्मचाऱ्यांवर होता, ठाण्यातल्या मुद्देमालाची अफरातफर केल्याचा. त्या संदर्भात न्यायालयाने म्हटलं की जप्त वाहनं वर्षानुवर्षं ठाण्यात पडू देण्यात काही अर्थ नाही. योग्य बंधपत्र, हमी आणि तारण घेऊन ती लवकर परत करावीत, आणि मुद्देमाल ठाण्यात पंधरा दिवस ते महिन्यापेक्षा जास्त राहू नये. नव्या संहितेच्या कलम ४९७ ने याच दिशेने मुदती घातल्या आहेत: न्यायालयापुढे मालमत्ता आल्यापासून चौदा दिवसांत तिचं विवरण, छायाचित्रं किंवा चित्रफीत, आणि त्यानंतर तीस दिवसांत विल्हेवाटीचा आदेश.

सरकारी वकिलांनी तयारी चांगली केली होती. त्यांनी मध्य प्रदेश राज्य विरुद्ध उदय सिंह हा २०१९ चा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल पुढे ठेवला. त्यातही वाळूच्या ट्रॅक्टर-ट्रॉलीचा प्रश्न होता, चंबळ नदीतली वाळू होती, आणि उच्च न्यायालयाने दिलेली अंतरिम सुटका सर्वोच्च न्यायालयाने रद्द केली होती. वरवर पाहता आमचा अर्ज तिथेच संपायला हवा. पण तो निकाल वन कायद्यावर उभा आहे. मध्य प्रदेशने त्या कायद्यात केलेल्या दुरुस्तीनुसार सरकारजमा करण्याची कारवाई सुरू झाल्याची सूचना मिळाली की न्यायदंडाधिकाऱ्यांचा अधिकार स्पष्ट शब्दांत काढून घेतला आहे. आमच्या प्रकरणात वनजमीन नव्हती, अभयारण्य नव्हतं, आणि तशी स्पष्ट मनाई जमीन महसूल संहितेच्या कलम ४८ मध्ये नाही. नदीपात्र वनहद्दीत असतं, तर मी हा अर्जच वेगळ्या वाटेने नेला असता. वाळूचं प्रकरण हातात आलं की पात्राचा गट नकाशावर बघावा, हे त्या युक्तिवादानंतर माझ्या सवयीत गेलं.

ट्रॉलीवर मात्र आम्ही अडखळलो. न्यायालयाने विचारलं, ट्रॉली अर्जदाराचीच कशावरून? नोंदणी नाही, आरसी नाही. आठवड्याची तारीख मागून वर्कशॉपचं जुनं बिल शोधलं, वर्कशॉपवाल्याचं प्रतिज्ञापत्र केलं, वजन आणि मापांसह ट्रॉलीचे फोटो जोडले. फायनान्स कंपनीला कळवल्याचं पत्रही दाखल केलं, कारण बोजा असलेल्या वाहनात उद्या कंपनीही ताबा मागू शकते.

अठ्ठ्याहत्तराव्या दिवशी आदेश झाला: ट्रॅक्टर आणि ट्रॉली सुपूर्दनाम्यावर, म्हणजे मागितल्यावर परत हजर करण्याच्या लेखी हमीवर, अर्जदाराच्या ताब्यात द्यावी.

अटींचा पेच

आदेशातल्या बहुतेक अटी नेहमीच्या होत्या. ६ लाखांचं बंधपत्र, तेवढ्याच रकमेचा एक ऐपतदार जामीनदार, खटला संपेपर्यंत विक्री किंवा गहाण नाही, रंग-रूपात बदल नाही, मागितल्यावर हजर करणं, इंजिन आणि चासी क्रमांकासह चारही बाजूंचे फोटो, आणि वाळूच्या कामाला पुन्हा न लावण्याची लेखी हमी. यातली शेवटची अट मला सर्वांत योग्य वाटली आणि मी ती स्वतःहूनच अर्जात देऊ केली होती.

पण एक अट जास्तीची होती, ३ लाखांची बँक हमी. बँक अशी हमी हवेत देत नाही, तेवढी मुदत ठेव किंवा तारण मागते. ज्याच्याकडे १,३०,००० नव्हते, त्याच्याकडे ३ लाख कुठून येणार?

इथे खरा निर्णयाचा क्षण होता. मालकाचा मेहुणा पैसे द्यायला तयार होता, व्याजाने. पुढच्या आठवड्यात हरभरा निघणार होता, शेतं मोकळी होणार होती, नांगरटीची कामं दारात होती. रोजचं भाडं बुडत होतं. पैसे भरून मोकळं व्हावं, असं घरच्यांचं मत. मी सत्र न्यायालयात पुनरीक्षण अर्जाचा, म्हणजे खालच्या आदेशाची वरच्या न्यायालयाकडून फेरतपासणी मागण्याचा, सल्ला दिला. ताब्याचा असा आदेश अंतरिम मानला गेला तर पुनरीक्षण टिकतच नाही, हा धोका त्यांना सांगूनच.

सत्र न्यायालयात मुद्दा एवढाच मांडला: बंधपत्र हे वाहन परत हजर होईल याची खात्री आहे, आधीच वसूल केलेली शिक्षा नव्हे. जामीनदाराच्या सातबारावर जमीन होती, त्याचा ऐपतीचा दाखला फाइलमध्ये होता. एकोणीस दिवसांनी, म्हणजे सत्त्याण्णवाव्या दिवशी, बँक हमीची अट रद्द झाली आणि तिच्याऐवजी आणखी एक जामीनदार घ्यावा असा आदेश आला.

सल्ला बरोबर होता का? निकाल बाजूने लागला म्हणून मी हो म्हणू शकतो. पण त्या एकोणीस दिवसांत नांगरटीचा मोसम बराचसा निघून गेला. मेहुण्याच्या पैशाचं व्याज आणि बुडालेलं भाडं यांचा हिशेब मी तेव्हा कागदावर मांडायला हवा होता. मांडला असता, तर कदाचित आम्ही हमी भरून ट्रॅक्टर आधी सोडवला असता आणि अटीविरुद्ध मागून लढलो असतो. मी कायद्याच्या बाजूने विचार केला. पक्षकाराच्या पिकाचं वेळापत्रक त्यात धरलं नाही.

सुटका आणि दंडाची बाजू

दुसऱ्या जामीनदाराची कागदपत्रं, त्याचा ऐपतीचा दाखला आणि न्यायालयाचं सुटकापत्र यात आणखी सहा दिवस गेले. एकशे तिसऱ्या दिवशी ट्रॅक्टर ठाण्याबाहेर आला. तो चालू झाला नाही. बॅटरी उतरलेली, दोन टायर बसलेले, हायड्रॉलिकचा पाइप उंदरांनी कुरतडलेला. दुसऱ्या ट्रॅक्टरने ओढून तो गावी नेला. ताबा घेताना आम्ही पंचांसमक्ष प्रत्येक नुकसान ताबापावतीवर लिहून घेतलं. खटल्यात उद्या कुणी “वाहनात बदल केला” असं म्हटलं, तर उत्तर त्या पावतीत आहे.

दंडाच्या आदेशाविरुद्ध कलम २४७ खाली उपविभागीय अधिकाऱ्यांकडे अपील साठ दिवसांच्या मुदतीत केलं होतं. एकतर्फी आदेश, वाळू न मोजता ठरवलेलं परिमाण, आणि वाहन सोडतानाचा दंड उपजिल्हाधिकारी दर्जाच्या अधिकाऱ्याने घ्यायचा असताना तहसीलदारांनी एकाच आदेशात लावलेला, असे तीन मुद्दे होते. अपिलात आदेश रद्द होऊन फेरसुनावणीसाठी परत गेला. फेरसुनावणीत वाळूचा दंड कायम झाला. तो मालकाने भरला आणि त्यावर मी अपील केलं नाही, कारण वाळू विनापास होती ही वस्तुस्थिती आहे. ट्रॅक्टरचा एक लाख रुपयांचा भाग पुन्हा लावला गेला. त्याविरुद्धचं प्रकरण अजून चालू आहे.

फौजदारी खटल्यात दोषारोपपत्र आलं आहे. मालकाचंही नाव त्यात आहे. ड्रायव्हरने मालकाला विचारलं होतं का, मालकाला फेरी माहीत होती का, हे साक्षीपुराव्यात ठरेल. ताबा देताना न्यायालयाने याबद्दल काहीच मत दिलेलं नाही आणि द्यायलाही नको होतं.

काय वेगळं करता आलं असतं

अर्ज लिहिण्याआधी न्यायालयातली गुन्ह्याची फाइल तपासायला हवी होती. एका अर्ध्या दिवसाच्या कामामुळे सदतीस दिवस वाचले असते, चोविसाव्या दिवसापासून एकसष्टाव्या दिवसापर्यंतचे. असं प्रकरण घेऊन आता कुणी आलं की मी आधी तीन गोष्टी बघतो: जप्ती पंचनामा, त्यावर कुणाची सही आणि कुठलं पद, आणि आरोपीला हजर करतानाचा पोलिसांचा अहवाल. हे कागद नसतील, तर नकलेचा अर्ज आधी, सुटकेचा नंतर.

ट्रॉलीची नोंदणी करून घेणं हे मालकाच्या हातात होतं आणि त्याला आठवडा वाचवता आला असता. ड्रायव्हरशी लेखी करार, म्हणजे वाहन कुठल्या कामाला आणि किती वाजेपर्यंत वापरायचं याची साधी सहीची नोंद, खटल्यात मालकाला आज फार उपयोगी पडली असती. गावात असं कुणी लिहीत नाही, विश्वासावर चालतं, हे मला माहीत आहे. तरी एका वहीत दोन ओळी लिहायला काही लागत नाही.

व्यवस्थेच्या बाजूनेही एक गोष्ट बदलायला हवी. संयुक्त पथकाने वाहन धरलं की ते कुणाच्या, कुठल्या कलमाखालच्या जप्तीत आहे, हे पंचनाम्यातच एका ओळीत लिहिलं गेलं पाहिजे, आणि त्याची प्रत जागेवर ड्रायव्हरला मिळाली पाहिजे. तसं झालं असतं, तर पोलिसांचं ते एका ओळीचं म्हणणं न्यायालयात गेलंच नसतं. जप्ती योग्य दर्जाच्या अधिकाऱ्याने केली असती, तर माझा निम्मा युक्तिवाद उभाच राहिला नसता, आणि खरं तर ते नदीच्या हिताचं होतं. कच्च्या कागदांचा फायदा एका ट्रॅक्टरवाल्याला झाला, तसाच तो दहा हायवा (मोठे डंपर) चालवणाऱ्यालाही होतो. त्याच्याकडे मुद्दे शोधायला वेळ आणि पैसा दोन्ही जास्त असतात.

ज्या घरकुलासाठी ती फेरी झाली, त्या कुटुंबाला वाहतूक पास एप्रिलमध्ये मिळाला. पाच ब्रास वाळू दिवसाउजेडी, दुसऱ्या ट्रॅक्टरने आली.